अनुकंपाच्या अर्जावर नाव कुणाचं टाकायचं?

प्रश्न (पत्र मोठं होतं, ओळख पटेल असं सगळं काढून थोडक्यात देतेय): माझं वय ४१. मिस्टर पाटबंधारे खात्यात कालवा निरीक्षक होते, २००३ साली लागले. आठ महिन्यांपूर्वी ड्युटीवरून घरी आले, छातीत दुखतंय म्हणाले आणि दवाखान्यात पोचायच्या आधीच गेले. मुलगी बीकॉमच्या शेवटच्या वर्षाला, मुलगा इंजिनिअरिंगच्या दुसऱ्या वर्षाला, सासूबाई आमच्याजवळच असतात. अनुकंपाचा, म्हणजे कर्मचारी सेवेत असताना गेला की घरातल्या एकाला मिळणाऱ्या सरकारी नोकरीचा, अर्ज अजून दिलेला नाही. मोठे दीर आणि माझा भाऊ, दोघंही म्हणतात मुलाचं नाव लावा, या वयात बाईनं ऑफिसात कुठं जायचं, तुम्हाला पेन्शन मिळेलच, पोराची आयुष्यभराची सोय होईल. मुलगा हो म्हणतो, कॉलेज सोडतो म्हणतो. नात्यातल्या एकानं एक माणूस आणला होता, दोन लाखात नाव वर सरकवतो म्हणाला. माझं मुक्त विद्यापीठातून बीए झालंय, मिस्टरांची पाणी मागणीची रजिस्टरं घरी मीच लिहायचे. पण आता मुलाचंच नाव टाकणं बरोबर ना?

उत्तर:

ताई,

तुमच्या पत्रात मुलाबद्दल दीड पान आहे, दिरांबद्दल जवळजवळ पान, सासूबाईंच्या गुडघ्यांबद्दल अर्धं पान, आणि स्वतःबद्दल अगदी शेवटी दोन ओळी, बीए आणि ती रजिस्टरं. मी त्या दोन ओळींवरच थांबले. कालव्याचं आवर्तन, म्हणजे पाण्याची पाळी, सुटायच्या आधी नमुना नंबर सातच्या, म्हणजे पाणी मागणीच्या, अर्जांची काय झुंबड उडते ते मी शेतकऱ्याच्या घरातली असल्यामुळे लहानपणापासून पाहिलंय, कुणाचा गट नंबर चुकलेला, कुणी क्षेत्र एकरात लिहिलेलं कुणी गुंठ्यात, कुणाची मागची पाणीपट्टी थकलेली, आणि ते सगळं हेक्टर आरमध्ये करून नावानिशी रजिस्टरला चढवायचं, एक आकडा चुकला तर दुसऱ्या दिवशी माणूस दारात उभा. हे तुम्ही स्वयंपाकघर सांभाळून किती वर्षं केलंत ते पत्रात लिहिलं नाहीये, पण "मीच लिहायचे" असं लिहिलंय म्हणजे एखाद्या महिन्याची गोष्ट नसावी.

मी स्वतः सरकारी ऑफिसात आस्थापना शाखेत सत्तावीस वर्षं काढली, त्यातली अकरा वर्षं अनुकंपाचं टेबल माझ्याकडे होतं. त्यामुळे जे सांगतेय ते थोडं नियमाचं आणि बरंचसं त्या टेबलासमोर बसलेल्या माणसांकडे बघून शिकलेलं आहे.

सगळ्यात आधी तो दोन लाखवाला. त्याला एक रुपयासुद्धा द्यायचा नाही, चहासुद्धा पाजायचा नाही. प्रतीक्षायादी अर्जाच्या तारखेप्रमाणे लागते आणि बऱ्याच जिल्ह्यांत ती जिल्हाधिकारी कार्यालयाच्या वेबसाइटवर सगळ्यांना बघायला टाकलेली असते, कोण कितव्या नंबरवर, अर्ज कधीचा, सगळं. मधेच कुणाला वर सरकवलं तर खालचे शंभर जण बघत असतात. असली माणसं मयताच्या घरी तेराव्याच्या आसपासच पोचतात, कारण तेव्हा घरात ग्रॅच्युइटीचे पैसे येणार हे त्यांना माहीत असतं. परत आला तर लाचलुचपत प्रतिबंधक विभागाचा १०६४ नंबर आहे, तो फिरवा.

आता मूळ प्रश्न. तुम्ही विचारलंय, मुलाचं नाव टाकणं बरोबर ना? तुमच्या घरात सगळ्यांनी एक गोष्ट धरूनच टाकलीय, की ही नोकरी म्हणजे मिस्टरांची मागे राहिलेली जागा आहे आणि ती शेतीसारखी मुलाच्या नावावर चढते. आपल्याकडे बोलतातच तसं, "बापाच्या जागेवर लागला." पण ती जागा तशी चढत नाही. सुप्रीम कोर्टानं १९९४ साली हरियाणाच्या एका केसमध्ये हे अगदी स्वच्छ सांगितलंय आणि त्यानंतर प्रत्येक कोर्ट तेच धरून चाललंय, की कमावणारा माणूस अचानक गेला तर घर त्या धक्क्यातून सावरावं म्हणून ही नेमणूक असते, तो वारसाहक्क नाही. योजनेचं नावच अनुकंपा आहे. त्यामुळे पुढची तीस वर्षं कुणाची सोय होईल हा प्रश्न जरा बाजूला ठेवा आणि हे घर आत्ता, येत्या चार-पाच वर्षांत कोण उभं धरू शकतं ते बघा. प्रश्न असा मांडला की उत्तर बदलतं की नाही बघा.

तुमचा भाऊ म्हणतो तुम्हाला पेन्शन आहेच. बरोबर आहे, पण त्यात दोन गोष्टी एकमेकांत मिसळल्यात आणि हा गोंधळ मी शेकडो घरांत पाहिलाय. कुटुंबनिवृत्तिवेतन हे पत्नी म्हणून तुमचं आहे, नोकरी तुम्ही घेतली, मुलानं घेतली किंवा कुणीच घेतली नाही तरी ते तुमचंच राहतं. म्हणजे "तिला पेन्शन, मुलाला नोकरी" अशी वाटणी करायचं कारणच नाही, तुम्ही नोकरीला लागलात तरी पेन्शन बंद होत नाही. आणि आता जी रक्कम हातात येतेय ती सुरुवातीची काही वर्षं वाढीव दरानं असते, पुढे कमी होते, त्या वेळेला मुलाचं शिक्षण, मुलीचं जे काही ठरेल ते, सासूबाईंचं आजारपण हे सगळं एकदम अंगावर येणार. तुमचे मिस्टर २००३ चे म्हणून जुन्या पेन्शनमध्ये आहेत. ज्यांच्या घरचा माणूस १ नोव्हेंबर २००५ किंवा त्यानंतर लागला त्यांनी घाबरून जाऊ नये, ३१ मार्च २०२३ च्या शासन निर्णयानं एनपीएसमधला, म्हणजे नव्या पेन्शन योजनेतला, कर्मचारी सेवेत असताना गेला तर त्याच्या घरच्यांनाही कुटुंबनिवृत्तिवेतनाचा पर्याय मिळालाय, फक्त तो लेखी द्यावा लागतो आणि एनपीएसच्या खात्यातल्या पैशांचं त्यात काय होणार ते सही करायच्या आधी विचारून घ्या.

आता मुलाकडे येऊ. तो हो म्हणाला असं तुम्ही लिहिलंय. एकोणीस वर्षांचं पोर, आठ महिन्यांपूर्वी बाप गेलेला, काका आणि मामा दोघं समोर बसून सांगतायत की आता घर तुझ्यावर आहे, ते नाही म्हणेल का? त्याच्या हो ला मी खोटं म्हणत नाही, उलट चांगला मुलगा आहे. पण असा हो ऐकून तेवढ्यावरच निर्णय घेऊ नये.

आणि नियमाच्या बाजूनं बघितलं तरी हिशोब उलटाच पडतो, हे दिरांना नक्की सांगा. त्याचं आज शिक्षण बारावी पास. राज्य सरकारच्या बऱ्याच कार्यालयांत लिपिक टंकलेखकाला पदवी लागते. म्हणजे आज त्याचं नाव टाकलं तर तो गट ड मध्ये, शिपाई किंवा तत्सम पदासाठी. त्या कामात कमीपणा काही नाही, माझ्या शाखेतल्या शिपाईमामांना माझ्यापेक्षा जास्त नियम पाठ होते. पण अडीच वर्षांत जो इंजिनिअर होणार त्याला आज बारावीवर यादीत बसवायचं, त्यापायी कॉलेज सोडायला लावायचं, आणि नेमणूक कधी येईल ते कुणालाच माहीत नाही, याला काय अर्थ आहे? तुमच्याकडे मात्र आज पदवी आहे. तुमचं नाव टाकलं तर गट क मध्ये लिपिकासाठी जाऊ शकतं.

माझ्या टेबलासमोर एक मुलगा यायचा, त्याचं सांगते. वडील गेले तेव्हा वीस वर्षांचा होता, आयटीआय करत होता, नाव यादीत लागल्यावर सोडला. दर महिन्याच्या पहिल्या आठवड्यात यायचा, इस्त्री केलेला एकच निळा शर्ट, कागदपत्रांची प्लॅस्टिकची पिशवी पोटाशी धरलेली, नोटीस बोर्डाखालच्या बाकावर बसायचा आणि माझ्यासमोरची गर्दी सरली की उठून फक्त एवढंच विचारायचा, "मॅडम, कितवा?" पहिल्यांदा चौसष्टावा होता. चार वर्षांनी एकेचाळिसावा. मधे कंपनीत काम मिळालं होतं, पुण्याला, ते धरलं नाही, कारण ऑर्डर आली आणि आपण इथं नसलो तर? लग्न लांबलं, मुलीकडचे विचारायचे नोकरी काय, तर हा सांगायचा यादीत आहे. एकोणतिसाव्या वर्षी शिपायाची ऑर्डर निघाली. ऑर्डर घ्यायला आई बरोबर आली होती, पेढे घेऊन. ती पेढा माझ्या हातावर ठेवताना म्हणाली, "मॅडम, हे गेले तेव्हा मी मॅट्रिक होते, माझं वय छत्तीस होतं. मला कुणी विचारलंच नाही तुम्ही करता का म्हणून." ताई, तिचा अर्ज मीच घेतला होता, तिनं मुलाचं नाव लिहून आणलं होतं आणि मीही विचारलं नव्हतं. सगळेच मुलाचं टाकतात म्हणून मी शिक्का मारून आवक नंबर दिला होता. ते माझ्या मनातून अजून जात नाही आणि म्हणूनच तुम्हाला एवढं लांबलचक लिहितेय.

तुमच्या बाजूनं खरी अडचण एकच आहे, वय. अनुकंपाच्या नेमणुकीला ४५ वर्षांची मर्यादा आहे, यादीत नाव असलं तरी ४५ पूर्ण झाली की नाव कमी होतं. म्हणजे तुमच्या हातात चार वर्षं. तेवढ्यात नंबर लागेल का, हे जिल्ह्यावर आणि रिक्त जागांवर आहे, खात्री कुणीच देऊ शकत नाही. हल्ली वेग थोडा वाढलाय हे खरं, २०२५ च्या ऑक्टोबरमध्ये राज्यभरात एकाच दिवशी पाच हजारांहून जास्त अनुकंपा उमेदवारांना नेमणुकीची पत्रं दिली गेली, बऱ्याच जिल्ह्यांतल्या याद्या त्यामुळे बऱ्यापैकी पुढे सरकल्या. तुम्ही एवढंच करा, अर्ज द्यायच्या आधी तुमच्या जिल्ह्याची यादी बघा, आज पहिल्या नंबरवर जो आहे त्याचा अर्ज कोणत्या वर्षाचा आहे ते बघा, त्यावरून अंदाज येईल.

आणि समजा नाहीच लागला नंबर, तर? पूर्वी यात लोक अडकायचे, कारण २० मे २०१५ च्या शासन निर्णयानं यादीतल्या उमेदवाराचं नाव बदलून घरातल्या दुसऱ्याचं लावायला बंदी होती, उमेदवार मयत झाला तरच बदल व्हायचा. त्यामुळेच घरातली मोठी माणसं म्हणायची की बाईचं नाव लावून जागा घालवू नका, थेट पोराचं लावा. तुमच्या दिरांच्या डोक्यात बहुतेक तेच बसलंय आणि त्या काळात ते अगदीच चुकीचं नव्हतं. पण मुंबई उच्च न्यायालयाच्या पूर्णपीठानं २०२४ मध्ये ही बंदी योग्य नसल्याचं ठरवलं आणि २०२५ च्या जुलैमध्ये जे सुधारित धोरण आलं त्यात नाव बदलायची वाट मोकळी झाली. म्हणजे आज तुमचं नाव लावलं आणि चौरेचाळिसाव्या वर्षापर्यंत काही हललं नाही, तर ४५ पूर्ण व्हायच्या आधी मुलाचं किंवा मुलीचं नाव लावता येईल, आणि तोपर्यंत दोघंही पदवीधर झालेले असतील. फक्त एक, नाव बदललं तर क्रमांक कोणत्या तारखेचा धरणार हे आस्थापना शाखेला लेखी विचारा आणि लेखीच उत्तर घ्या. तोंडी सांगितलेलं पुढच्या साहेबाच्या वेळेला कुणाला आठवत नाही.

मुलीबद्दल तुमच्या पत्रात एकच वाक्य आहे, "तिचं लग्न बघायचंय." ती बीकॉम होतेय, या वर्षाअखेरीस घरात दुसरी पदवीधर तीच असेल, मुलाच्या दोन वर्षं आधी. लग्न झालेली मुलगीसुद्धा अनुकंपाला पात्र धरतात. मी असं म्हणत नाही की तिचंच नाव टाका, तिला दुसरं काही करायचं असेल, बँकेच्या परीक्षा द्यायच्या असतील. पण दिवाणखान्यात जी बैठक झाली त्यात तिला बसवलं होतं का? तिच्या संमतीची तर तुम्हाला कागदावरसुद्धा गरज लागणार आहे, कारण ज्याचं नाव टाकाल त्याला घरातल्या बाकीच्या सज्ञान वारसांचं नाहरकत शपथपत्र जोडावं लागतं. सही घ्यायच्या वेळी तिला बोलावण्यापेक्षा आधीच बोलवा.

दिरांशी भांडू नका. त्यांच्या बोलण्यामागे भीती आहे, की वहिनी कमवायला लागली तर आपल्या आईकडे बघेल का. ही भीती कुणी तोंडानं बोलत नाही. त्यांना हे सांगा की अनुकंपावर लागणाऱ्याकडून बाकीच्या कुटुंबाचा सांभाळ करीन असं लेखी घेतात, ते मुलानं दिलं काय आणि मी दिलं काय, बंधन सारखंच. आणि सासूबाईंना आज आंघोळीला कोण घेऊन जातं हे दिरांनाही माहिती आहे. (ज्या घरांत दीर स्वतःचं किंवा आपल्या मुलाचं नाव पुढे करतात त्यांच्यासाठीही लिहून ठेवते: कर्मचारी विवाहित असेल तर त्याच्या भावाला ही नोकरी मिळत नाही, भाऊ-बहिणीचा विचार अविवाहित कर्मचाऱ्याच्या बाबतीत होतो, विधवा किंवा परित्यक्ता बहिणीची गोष्ट वेगळी. पुतण्याला तर नाहीच. सह्या करायच्या आधी हे नीट वाचा.)

तुम्हाला भीती वाटत असणार, ती मला दिसते. एक्केचाळिसाव्या वर्षी पहिल्यांदा टेबलावर बसायचं, कॉम्प्युटर, पोरीच्या वयाची साहेब. माझ्या शाखेत अनुकंपावर लागलेल्या तीन बायका होत्या, पहिले सहा महिने तिघीही डबा खाताना रडायच्या, नंतर त्यातल्या एकीकडे पगारबिलं गेली आणि तिच्या बिलात कधी चूक निघाली नाही. आत्तापासून मराठी टायपिंगचा क्लास लावा, मिनिटाला तीस शब्दांची परीक्षा असते, नेमणूक झाल्यावर ठरावीक मुदतीत पास व्हावीच लागते आणि नाही झालं तर नोकरीवर येतं, त्यामुळे ते आधीच उरकलेलं बरं. एमएससीआयटी पण करून घ्या. यातलं काहीच वाया जात नाही, नंबर लागो न लागो.

आणि तुम्हाला मनापासून नोकरी नकोच असेल, तर तेही स्पष्ट म्हणा, तो गुन्हा नाही. मग मुलीला विचारा, आणि मुलाचंच ठरलं तरी कॉलेज सोडायचं नाही ही अट घाला, यादीत नाव आणि कॉलेज दोन्ही एकाच वेळी चालू शकतं. पण "या वयात बाईनं" हे कारण मला चालणार नाही.

कागदांचं सांगते, कारण आठ महिने गेलेत. एक वर्षाची मुदत धरून चाला. नवीन धोरणात मुदत सैल केलीय असं कुणी सांगेलही, पण विलंब माफ करून घेण्याच्या फाइलीपेक्षा वेळेत दिलेला अर्ज कधीही चांगला. अर्ज मिस्टर ज्या कार्यालयात होते तिथंच द्यायचा. मृत्यू दाखला, तुमची शैक्षणिक कागदपत्रं, जन्मतारखेचा पुरावा, घरातल्यांची नाहरकत, लहान कुटुंबाचं प्रतिज्ञापत्र. तुम्हाला दोनच मुलं आहेत म्हणून प्रश्न नाही, पण ज्यांना ३१ डिसेंबर २००१ नंतर तिसरं मूल झालंय त्यांच्या घराला अनुकंपा मिळत नाही, उगाच कुणाच्या आश्वासनावर राहू नका. अठराच्या आतली मुलंच मागे राहिली असतील तर मूल सज्ञान झाल्यावर अर्ज करता येतो, तोवर निदान एक पत्र देऊन ठेवा. अर्जाच्या दोन प्रती काढा, एक द्यायची, दुसरीवर आवक नंबर, तारीख आणि शिक्का घ्यायचा, आणि अपुरा अर्ज देऊ नका, कागद अपुरे म्हणून परत आला की मधले महिने गेले.

तुमच्या मुलाच्या परीक्षेचा फॉर्म भरायची तारीख कधी आहे ते बघा, त्याच्या आत हे घरात बोला. दोन्ही मुलांना समोर बसवा, सासूबाईंनाही. अर्ज सेतूतल्या पोराकडून टाइप करून घेऊ नका, साधा फुलस्केप घ्या आणि तुमच्या अक्षरात लिहा, मिस्टरांच्या ऑफिसातले लोक ते अक्षर ओळखतील. आवक नंबर मिळाला की मला कळवा, त्यापुढे यादीत नाव लागलं की नाही ते कुठं आणि कसं बघायचं ते सविस्तर लिहून पाठवते.